पाहणारी

काचेच्या पेटीत आरोपी बसला आहे. खांदे पडलेले, चेहरा कोरा. भोवती डोळ्यांत खुपेल इतकं पांढरं, उजळ कोर्ट. सरकारी वकील उठून ज्यूरीशी बोलू लागतात. शाळकरी वयाच्या तीन मुली पळवल्या गेल्या, त्यांचे हाल करून त्यांना मारलं गेलं, आणि ते सगळं इंटरनेटच्या काळोख्या भागात पैसे भरून बसलेल्या प्रेक्षकांना दाखवलं गेलं. दोन मुलींचे व्हिडिओ पोलिसांच्या हाती आले आहेत, तिसरीचा नाही. हाती आलेले दोन तुम्हाला पाहावे लागतील, असं वकीलबाई ज्यूरीला बजावतात. कॅमेरा या सगळ्यांमधून सावकाश फिरतो. वकील, न्यायाधीश, पेटीतला माणूस, मुलींच्या घरची माणसं. बराच वेळ कट नाही. शेवटी तो जिच्यापाशी येतो तिचा या खटल्याशी काडीचाही संबंध नाही. ती लोकांसाठी ठेवलेल्या बाकावर बसलेली एक तरुण बाई आहे. ती पाहते आहे.

‘ले शाँब्र रूज’, म्हणजे ‘लाल खोल्या’, हा पास्कल प्लांत या कॅनडातल्या क्यूबेकच्या दिग्दर्शकाचा २०२३ चा फ्रेंच चित्रपट. जुलै २०२३ मध्ये तो कार्लोव्ही व्हारीच्या महोत्सवात स्पर्धेत होता. त्याच महिन्यात मॉन्ट्रियलच्या फँटेशिया महोत्सवात त्याने सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार घेतला. अमेरिकेतल्या थिएटरांत पोचायला मात्र सप्टेंबर २०२४ उजाडला. मोठा स्टुडिओ नाही, ओळखीचे तारे नाहीत. भयपट म्हणावा तर भूत नाही, अचानक दचकवणं नाही आणि रक्ताचा एक थेंबही पडद्यावर पडत नाही. तरीही इंटरनेटवरच्या भयानक व्हिडिओंबद्दल गेल्या काही वर्षांत जे सिनेमे निघाले, त्यांतला हा मला सर्वांत अस्वस्थ करणारा वाटतो. कारण त्याला व्हिडिओत फारसा रस नाही. तो पाहणाऱ्याच्या मागावर आहे.

‘लाल खोली’ ही इंटरनेटवरची दंतकथा. डार्क वेबवर कुठेतरी एक खोली आहे, तिथे बिटकॉइन मोजले की माणसाचा छळ थेट पाहता येतो, वर जास्त पैसे टाकले तर काय करायचं तेही सांगता येतं, अशी ती गोष्ट. तंत्र जाणणारे तिला हसतात. टॉरसारख्या जाळ्यात माहिती अनेक थांबे घेत जाते, तिथे थेट प्रक्षेपण धड चालणंच मुश्कील. आणि ही दंतकथा तरी नवी कुठे आहे? १९७६ मध्ये अमेरिकेत ‘स्नफ’ नावाचा एक सुमार सिनेमा ‘यात खरोखरचा खून आहे’ अशी कुजबुज उठवून विकला गेला होता. खून नाटकी होता. पण तिकीट काढणाऱ्याने ते खऱ्याच्या आशेनेच काढलं होतं, आणि त्या आशेबद्दल तेव्हा कुणी फारसं बोललं नाही. प्लांत नेमका तिथे बोट ठेवतो.

त्याची नायिका केली-ॲन. ज्युलिएत गारिएपीने ती इतकी थंडपणे उभी केली आहे की तिच्या पापण्यांची हालचालसुद्धा घटना वाटते. केली-ॲन मॉडेल आहे, रात्री ऑनलाइन पोकर खेळून पैसे मिळवते, उंच इमारतीत एकटी राहते. घरात दोन मॉनिटर आणि स्वतः जमवून घेतलेला एक बोलका संगणक-सहायक. त्याचं नाव आर्थर राजाच्या राणीचं, ग्विनेव्हीर. स्वतःचं ऑनलाइन नाव तिने घेतलंय ‘लेडी ऑफ शॅलॉट’. टेनिसनच्या कवितेतली ही शापित बाई जग फक्त आरशात पाहू शकते. खिडकीतून थेट पाहिलं की शाप फळतो. दिग्दर्शकाने हे नाव सहज ठेवलेलं नाही. पण त्याबद्दल तो चकार शब्द काढत नाही, हे त्याचं मोठेपण.

कोर्टात जागा मिळावी म्हणून ही सुस्थितीतली बाई रात्री जवळच्या गल्लीत उघड्यावर झोपते आणि पहाटे रांगेत पहिली उभी राहते. का? आरोपीवर प्रेम आहे म्हणून? सूड घ्यायचाय? पुरावा शोधायचाय? दोन तासांच्या सिनेमात याचं सरळ उत्तर मिळत नाही. तिच्या शेजारी असते क्लेमाँतीन. खेड्याकडून आलेली, बडबडी, आरोपी निर्दोष आहे अशी ठाम श्रद्धा असलेली. त्याच्या डोळ्यांत बघा, असा माणूस खुनी असेल का, असं ती टीव्हीवाल्यांना सांगत सुटते. कुख्यात खुन्यांच्या प्रेमात पडणाऱ्या, त्यांना तुरुंगात पत्रं लिहिणाऱ्या बायका जगभर आहेत. अशा सिनेमात त्यांच्यापैकी एकीला दोन वाक्यांत वेडी ठरवून मोकळं होता येतं. प्लांत तसं करत नाही. लोरी बाबँने साकारलेल्या क्लेमाँतीनची आपल्याला हळूहळू माया वाटू लागते, आणि मग तिच्यावर जो प्रसंग येतो तो म्हणूनच लागतो.

प्रसंग असा. व्हिडिओ दाखवायची वेळ येते तेव्हा कोर्टातून बाहेरच्या लोकांना जायला सांगतात. क्लेमाँतीन चिडते. तिला ते पाहायचेत, कारण व्हिडिओंतला बुरख्याआडचा माणूस ‘आपला’ नाही हे तिला सिद्ध करायचंय. केली-ॲन शांतपणे सांगते, माझ्याकडे आहेत ते. मग त्या उंचावरच्या घरात दोघी पडद्यासमोर बसतात. आपल्याला काय दिसतं? दोघींचे चेहरे. त्यांच्यावर पडलेला तांबडा उजेड. आणि आवाज. एका चेहऱ्यावरची श्रद्धा आपल्या डोळ्यांदेखत मोडून पडते. दुसरा चेहरा तसाच राहतो, कारण त्याने हे आधी पाहिलेलं आहे. त्या न बदलणाऱ्या चेहऱ्याची भीती क्लेमाँतीनच्या रडण्याहून कितीतरी मोठी आहे.

फक्त ऐकवायचं, दाखवायचं नाही, ही युक्ती सिनेमाची वाटेल. कॅनडातल्या एका न्यायाधीशाने ती त्याआधीच वापरली होती. १९९५ मध्ये टोरंटोत एका माणसावर दोन किशोरवयीन मुलींच्या खुनाचा खटला चालला. त्याने आणि त्याच्या बायकोने त्या अत्याचारांचं चित्रीकरण करून ठेवलं होतं. पोलिसांनी कित्येक आठवडे घर पिंजून काढलं तरी टेप सापडल्या नव्हत्या. मग आरोपीच्या वकिलाने त्याच्या सांगण्यावरून त्या न्हाणीघराच्या छतातून काढल्या आणि वर्षाहून अधिक काळ कुणाला न सांगता स्वतःकडे ठेवल्या. त्या वकिलावर पुढे खटला झाला, तो २००० मध्ये सुटला. मुलींच्या घरच्यांची मागणी होती की टेप लोकांपुढे येऊच नयेत. वर्तमानपत्रांचं म्हणणं, न्याय उघड्यावर झाला पाहिजे. न्यायमूर्ती पॅट्रिक लसाज यांनी मधली वाट काढली: चित्र फक्त न्यायाधीश, ज्यूरी, वकील आणि आरोपीला दिसेल, बाकावरच्या लोकांना आणि पत्रकारांना केवळ आवाज ऐकू येईल. त्या दिवसांत तिथे बसलेल्या लोकांनी जे ऐकलं, ते प्लांतच्या प्रेक्षकाच्या वाट्याला येतं. क्यूबेकच्या प्रेक्षकाला हा इतिहास आठवणारच.

आणि मॉन्ट्रियलच्या प्रेक्षकाला तर २०१२ आठवणार. त्या वर्षी मे महिन्यात या शहरात एका विद्यार्थ्याचा खून झाला. खुन्याने त्याचा व्हिडिओ इंटरनेटवर टाकला आणि मृतदेहाचे तुकडे टपालाने राजकीय पक्षांच्या कचेऱ्यांना पाठवले. खुन्याचं नाव इथे लिहीत नाही, कारण नाव व्हावं हीच त्याची धडपड होती. त्याआधी त्याने मांजराच्या पिल्लांना मारल्याचे व्हिडिओ टाकले होते, आणि इंटरनेटवरच्या हौशी मंडळींचा एक गट महिनोन् महिने त्याच्या मागावर होता. त्यांच्या प्रत्येक संतापाने, प्रत्येक शोधाने त्याला हवा तो प्रेक्षकवर्ग मिळत गेला. जून २०१२ मध्ये बर्लिनच्या एका इंटरनेट कॅफेत तो पकडला गेला, तेव्हा तो स्वतःबद्दलच्या बातम्या वाचत होता. खटला २०१४ मध्ये मॉन्ट्रियलमध्ये चालला, मृत मुलाचे वडील त्यासाठी चीनहून आले होते, आणि त्या डिसेंबरात ज्यूरीने त्याला दोषी ठरवलं.

या प्रकरणाच्या कडेला घडलेल्या दोन गोष्टी मला खुनाइतक्याच बोलक्या वाटतात. पहिली, व्हिडिओ ज्या संकेतस्थळावर आला ते एडमंटनचा एक माणूस चालवत होता. अपघात, फाशा, शिरच्छेद, जे मिळेल ते तो मांडून ठेवायचा. नागरिकांना जगाचं खरं रूप दाखवतो, अशी त्याची भूमिका. कॅनडाच्या फौजदारी संहितेतल्या जुन्यापुराण्या ‘नीतिभ्रष्टते’च्या कलमाखाली त्याच्यावर खटला झाला. २०१६ मध्ये त्याने गुन्हा कबूल केला आणि सहा महिन्यांची सशर्त शिक्षा भोगली, तीही तुरुंगाबाहेर. दुसरी गोष्ट मॉन्ट्रियलच्याच एका माध्यमिक शाळेतली. एका शिक्षकाने जून २०१२ मध्ये तो व्हिडिओ वर्गात लावला. मुलांचं म्हणणं विचारून. चालू घडामोडींवर चर्चा व्हावी म्हणे. त्याची नोकरी गेली. पण त्या वर्गात ज्यांना तो नको वाटला असेल, त्या मुलांचा विचार माझ्या मनातून जात नाही. वर्गाच्या निर्णयाने त्यांनीही तो पाहिला असेल.

प्लांतच्या सिनेमात या प्रकरणाचा उल्लेखही नाही. त्याची गरजही नाही.

भयपटांनी व्हिडिओची भीती फार आधी ओळखली होती. कॅनडाच्याच डेव्हिड क्रोननबर्गचा ‘व्हिडिओड्रोम’ १९८३ चा. त्यात छळाचं गुप्त प्रक्षेपण शोधणाऱ्या केबलवाल्याच्या मेंदूतच ते रुजतं. कोजी सुझुकींच्या १९९१ च्या कादंबरीवरून हिदेओ नाकाताने १९९८ मध्ये केलेला जपानी ‘रिंगु’ आपल्याकडेही खूप जणांनी सीडीवर पाहिला. टेप पाहिली की सात दिवसांत मरण. सुटका एकच, टेपची नक्कल करून दुसऱ्याला दाखवायची. व्हॉट्सॲप यायच्या दहा-अकरा वर्षं आधी फॉरवर्डचं इतकं अचूक चित्र कुणी काढलं असेल असं वाटत नाही. धारप-मतकरींच्या भयकथांवर पोसलेल्या मराठी वाचकाला ही रीत परकी नाही. उंबरठ्याबाहेरची अघोरी शक्ती साध्या घरात शिरते आणि घरातली निष्पाप माणसं पणाला लागतात. ‘रिंगु’चा प्रेक्षकही असाच निष्पाप. त्याने टेप पाहिली, एवढाच त्याचा अपराध. ‘ले शाँब्र रूज’मध्ये पडद्यातून काहीही बाहेर येत नाही. बाई स्वतः आत जाते, लिलावात बोली लावते, पोकरमध्ये सर्वस्व डावावर लावून पैसे उभे करते, आणि तिसरा व्हिडिओ विकत घेऊ पाहते. शाप वगैरे काही नाही, आहे तो व्यवहार.

याउलट एक सिनेमा असा, ज्याने इशारा द्यायला जाऊन स्वतःच भयानक व्हिडिओ होण्याची पाळी ओढवून घेतली. मायकल गोईचा ‘मेगन इज मिसिंग’. २००६ मध्ये अगदी तुटपुंज्या पैशांत चित्रित झालेला, २०११ मध्ये बाहेर आलेला. ऑनलाइन ओळखीतून दोन मुली नाहीशा होतात, त्यांच्याच वेबकॅम आणि कॅमेऱ्यांतून गोष्ट दिसते. आईबापांनी जागं व्हावं हा हेतू. शेवटची वीस-बावीस मिनिटं मात्र इतकी निर्दय की न्यूझीलंडने त्यावर बंदीच घातली. मग तो विस्मरणात गेला. २०२० च्या नोव्हेंबरात टिकटॉकवरच्या पोरांनी तो उकरून काढला. स्वतः पाहायचा, घाबरल्याचा चेहरा चित्रित करायचा, मित्रांना आव्हान द्यायचं. शेवटी गोईला स्वतःच टिकटॉकवर येऊन सांगावं लागलं की हा मध्यरात्री एकटं पाहू नका, अमुक अक्षरं पडद्यावर आली की बंद करायला तुमच्याकडे जेमतेम चार सेकंद आहेत. आता असं सांगितल्यावर चौदा वर्षांचा कुठला मुलगा थांबेल? गोईच्या सद्हेतूबद्दल मला शंका नाही. पण मुलीचे हाल सविस्तर दाखवून ‘असं पाहू नका’ म्हणणाऱ्या सिनेमाचं पुढे काय होणार, हे त्याला दिसायला हवं होतं.

२०२१ च्या सनडान्समधला जेन शोनब्रनचा ‘वी आर ऑल गोइंग टू द वर्ल्ड्स फेअर’ फार कोवळ्या हातांनी याच विषयाला भिडतो. पोटमाळ्यावरच्या खोलीत केसी नावाची मुलगी लॅपटॉपसमोर एक वाक्य तीनदा म्हणते, बोटाला टोचून रक्त काढते, आणि मग आपल्यात काहीतरी बदल होतोय असे व्हिडिओ टाकत राहते. ते पाहणारं कोण? एक अनोळखी मध्यमवयीन पुरुष. तो काळजीने पाहतोय की आणखी कशाने, हे सिनेमा सांगत नाही. शोनब्रनने याआधी स्लेंडर मॅनवर यूट्यूबच्या तुकड्यांतून एक माहितीपट जोडला होता. हा उंच, बिनचेहऱ्याचा स्लेंडर मॅन २००९ मध्ये एका छायाचित्र-स्पर्धेच्या गमतीतून जन्मला. २०१४ मध्ये विस्कॉन्सिनच्या वॉकेशात बारा वर्षांच्या दोन मुलींनी त्याला खूश करायला मैत्रिणीला भोसकलं. मैत्रीण वाचली. केसीच्या एकटेपणाकडे पाहिल्यावर वाटतं, तिला भुतापेक्षा कुणीतरी आपल्याला बघावं याची जास्त भूक आहे.

आता धोका आणि धोक्याची हाकाटी यांत फरक करायला हवा, कारण हाकाटीनेही माणसं मरतात. २०१७ च्या पावसाळ्यात अंधेरीतल्या एका शाळकरी मुलाने जीव दिला आणि ‘ब्लू व्हेल’ हे नाव मराठी घराघरांत पोचलं. केंद्र सरकारने गुगल, फेसबुकसारख्या कंपन्यांना दुवे काढायला फर्मावलं. पुढे जानेवारी २०१८ मध्ये सरकारनेच संसदेत सांगितलं की तपासलेल्या कुठल्याही प्रकरणात त्या खेळाचा संबंध सिद्ध झालेला नाही. मग ‘मोमो’ आली. बटबटीत डोळ्यांची ती बाई म्हणजे जपानच्या केइसुके आइसो यांनी केलेलं शिल्प, टोकियोत मांडलेलं. तिच्या व्हिडिओंनी मुलांचं नुकसान झाल्याचा पुरावा कुणाला सापडला नाही. तिचा चेहरा मात्र लाखो मुलांपर्यंत पोचला तो आईवडिलांनी आणि शाळांनी पाठवलेल्या इशाऱ्यांतून.

धुळ्याच्या राईनपाड्याची गोष्ट या पंक्तीत ठेवताना हात जड होतो. १ जुलै २०१८, रविवार, बाजाराचा दिवस. साक्री तालुक्यातल्या या आदिवासी गावात मंगळवेढ्याकडचे नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच जण भिक्षा मागत आले होते. मुलं पळवणारी टोळी समजून जमावाने त्यांना ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून ठार मारलं. त्याआधी कित्येक आठवडे मुलं चोरणाऱ्यांच्या अफवा मोबाइलवर फिरत होत्या, व्हिडिओंसकट. देशभर सर्वांत जास्त फिरलेल्या एका व्हिडिओत मोटारसायकलवरचे दोघं गल्लीत खेळणाऱ्या पोराला उचलून नेताना दिसतात. तो कराचीतल्या एका संस्थेने मुलांच्या सुरक्षेसाठी बनवलेल्या जाहिरातीचा तुकडा होता. मूळ जाहिरातीत ते दोघं लगेच मागे फिरून मुलाला सोडतात आणि हातातला फलक दाखवतात: कराचीत मूल पळवणं इतकं सोपं आहे. कुणीतरी हा शेवट कापला. त्या कापलेल्या काही सेकंदांत सगळं आहे. मूळ व्हिडिओत रक्त नाही, हिंसा नाही, हेतू चांगला. आणि राईनपाड्यातली मारहाणसुद्धा मोबाइलवर चित्रित झाली, तीही फिरली. त्याच जुलैत व्हॉट्सॲपने भारतात एक संदेश एका वेळी पाचच ठिकाणी पाठवता येईल अशी मर्यादा घातली.

कुणी म्हणेल, राईनपाड्याचा आणि मॉन्ट्रियलच्या त्या गुळगुळीत, वातानुकूलित भयपटाचा काय संबंध? मला दिसतो तो एवढाच: दोन्हीकडे पाहणं ही करणी आहे. पाहिलं आणि विसरलो, असं होत नाही. पाहणारा काहीतरी करतो. पुढे पाठवतो, बोली लावतो, उठून मारायला जातो, गप्प बसतो.

कायदाही आता याच बाजूला सरकतो आहे. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने २३ सप्टेंबर २०२४ रोजी, तेव्हाचे सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड आणि न्या. जे. बी. पारडीवाला यांच्या पीठाने, मद्रास उच्च न्यायालयाचा निकाल फिरवला. मुलांच्या लैंगिक शोषणाची चित्रफीत खासगीत उतरवून घेणं, पाहणं हा गुन्हा नाही, असं मद्रासचं म्हणणं होतं. सर्वोच्च न्यायालयाने तसली सामग्री न पुसता, न कळवता जवळ ठेवणं गुन्हा ठरवलं, आणि विशिष्ट परिस्थितीत ती उतरवून न घेता नुसती पाहणंही ‘ताबा’ ठरू शकेल असं सांगितलं. न्यूझीलंडने तर त्याआधीच १५ मार्च २०१९ च्या क्राइस्टचर्च हत्याकांडाचा व्हिडिओ जवळ बाळगणंच गुन्हा ठरवलं. खुन्याने तो फेसबुकवर थेट दाखवला होता. थेट पाहणारे दोनशेच्या आत. पहिल्या चोवीस तासांत फेसबुकने काढलेल्या प्रती १५ लाख, त्यांतल्या १२ लाख चढवतानाच अडवलेल्या. थोडक्यात, खुन्याने एकदा दाखवलेलं दृश्य लाखो वेळा पुन्हा चढवायचा उद्योग त्याला कधीही न भेटलेल्या लोकांनी केला. क्राइस्टचर्चमधल्याच एका व्यावसायिकाला तो पुढे पाठवल्याबद्दल २१ महिन्यांची कैद झाली.

आणि मग कुणालातरी हे सगळं नोकरी म्हणून पाहावंच लागतं. हान्स ब्लॉक आणि मोरित्झ रीझेविक यांचा २०१८ चा ‘द क्लीनर्स’ हा माहितीपट मनिलातल्या अशा मॉडरेटरांवर आहे. काढायचं की ठेवायचं, एवढाच निर्णय, दिवसभर, हजारो वेळा. हैदराबादेतही हे काम चालतं. अमेरिकेतल्या मॉडरेटरांनी लावलेल्या दाव्यात फेसबुकने मे २०२० मध्ये ५ कोटी २० लाख डॉलर द्यायचं कबूल केलं, ११ हजारांहून अधिक माणसांसाठी. तक्रार एकच, पाहून पाहून मन आजारी पडलं. सिनेमालाही ही नायिका आता सापडली आहे. उटा ब्रीझेविट्झच्या २०२५ च्या ‘अमेरिकन स्वेटशॉप’ची नायिका मॉडरेटर आहे, एका व्हिडिओने पछाडलेली.

‘ले शाँब्र रूज’वर माझा एक आक्षेप आहे, आणि तो छोटा नाही. मेलेल्या मुली या सिनेमात निमित्तमात्र उरतात. केली-ॲन एके दिवशी कोर्टात तिसऱ्या मुलीसारखी सजून येते. तोच गणवेश, तसेच सोनेरी केस, डोळ्यांत निळ्या लेन्स, दातांना तार. इतका वेळ दगडासारखा बसलेला आरोपी पहिल्यांदा मान वर करतो आणि तिच्याकडे पाहून हात हलवतो. पाहणारी पाहिली जाते. प्रसंग म्हणून तो थरकाप उडवणारा आहे, व्हँसां बिरोंचा कॅमेरा आणि दोमिनिक प्लांतचं संगीत तिथे कळसाला पोचतात. पण त्याच क्षणी बाकावर त्या मुलीची आई बसली आहे. तिला आपण दोन-तीन सेकंदांपुरते पाहतो, आणि नजर पुन्हा केली-ॲनकडे ओढली जाते. दिग्दर्शक म्हणेल, तेच तर मला दाखवायचं होतं. असेल. पण कुणाला किती वेळ पाहायचं हे कॅमेरा ठरवतो, आणि इथे कॅमेऱ्याने आपल्या नायिकेच्या देखणेपणापुढे हात टेकले आहेत.

आणि ज्यूरी? पहिल्या प्रसंगात वकीलबाई जिला उद्देशून बोलतात, ती नंतर जवळपास नाहीशीच होते. खरं तर या खोलीत पाहण्याची निवड नसलेली माणसं तेवढीच. केली-ॲन पैसे मोजून पाहते, क्लेमाँतीन हट्टाने, मॉडरेटर पगारासाठी. ज्यूरीवरचा माणूस समन्स आलं म्हणून पाहतो. त्याने डोळे मिटले तर काम झालं नाही. कॅनडात अशा माणसांची फार काळ दुहेरी कोंडी होती. ज्यूरीच्या खोलीत झालेली चर्चा बाहेर कुणालाही सांगणं फौजदारी संहितेच्या कलम ६४९ खाली गुन्हा, म्हणून खटल्यानंतर झोप उडालेल्या माणसाला मानसोपचारतज्ज्ञापुढेसुद्धा सगळं मोकळेपणी बोलता येत नसे. माजी ज्यूरींनी वर्षानुवर्षं पाठपुरावा केला, संसदेच्या समितीपुढे साक्षी दिल्या, आणि ऑक्टोबर २०२२ मध्ये कायदा बदलला; आता उपचार करणाऱ्याला सांगता येतं. प्लांतचा सिनेमा त्यानंतर काही महिन्यांनी आला. त्याच्याइतक्याच संयमाने, तेवढ्याच थंड उजेडात, समन्स हातात घेऊन सकाळी कोर्टात आलेल्या एखाद्या बसचालकावर किंवा शिक्षिकेवर कुणी सिनेमा काढला, तर मी तो पहिल्याच दिवशी पाहीन.